फोटूत हलायचं नसते

बाबा, तुम्ही हलला का नाहीत, एवढंच विचारायचं होतं. बाकी काही नाही. पण एवढंच लिहून कागदाची घडी केली तर कोणाला काय कळणार, म्हणून पहिल्यापासून सांगायला बसलो आहे. आणि मी पहिल्यापासून सांगायला बसलो की भलतीकडं जातो, हे तुमच्याइतकं कोणाला माहीत असणार? तेव्हा जरा धीर धरा. आता तुम्हाला कुठं कामावर जायची घाई आहे.

काल खाप्याला, सरकीच्या एका कोठारात, चुना फासलेल्या भिंतीवर तुम्हाला पाहिलं. इतवारीकडच्या आपल्या चौकात कारंजं बांधत होते, आणि मुंबईचा एक माणूस तिपाईवर पेटी ठेवून, दांडी फिरवून त्या बांधकामाचं चालतं चित्र घेऊन गेला होता, तेच हे चित्र. बोलपट यायच्या आधीची गोष्ट. लाटसाहेब कारंजं उघडायला येणार, त्याला दाखवायला म्हणून कोण्या शेठजीनं ते काढवून घेतलं होतं. कारंज्याचे चारही सिंह तुमच्या छिन्नीचे, म्हणून तुम्हाला मधोमध बसवलं होतं. पुढं लाटसाहेब आला आणि गेला, कारंज्याचं पाणी काही महिने उडालं आणि थांबलं, तुमच्या छातीत दगडाची धूळ साचली आणि तुम्हीही गेलात. मी तेव्हा इतका लहान होतो, की तिरडीपेक्षा तिच्यापुढं वाजणाऱ्या हलगीकडं माझं जास्त लक्ष होतं म्हणे. माय सांगते. मला तेही नीट आठवत नाही, आणि खरी अडचण तीच आहे.

तुमचा चेहरा मला पाहायचा नव्हता. चेहरा तर माझ्याच तोंडावर आहे, असं लोक म्हणतात. मला पाहायचा होता तुमचा हात. चालता हात. चौकात एखादा जुना मिस्त्री भेटला की तंबाखू मळता मळता हटकून म्हणतो, "तुह्या बापाचा हात पाह्यला होता का बे तू? काय हात होता!" आणि मी हो म्हणून मान हलवतो. काय सांगणार? मला आठवतो तो आवाज, टिक् टिक् टक्, आणि आठवते तुमची पाठ, घामानं चिकटलेल्या बंडीतली. हात आठवत नाही. तुमच्या शेजारी मी कितीदा तरी बसलो असेन, पण बसून मी पाहिलं काय? टांगे, कुत्री, पतंग, फेरीवाले. जे तिथं होतं ते सगळं पाहिलं. तुम्हीही तिथंच होतात, पण तुम्ही काय, रोजचेच.

सुताचा दिवस तेवढा आठवतो. मायनं बांधून दिलेली भाकर घेऊन मी आलोय आणि तुम्ही मला सुताचं टोक धरायला देता. गेरूत बुडवलेलं ओलं सूत, दुसरं टोक तुमच्या बोटात. ताणायचं, मधोमध चिमटीनं उचलायचं, सोडायचं, की दगडावर लाल रेघ उठते आणि मग त्या रेघेवर छिन्नी चालते. तुम्ही म्हणता, "घट धर." मी धरतो. तेवढ्यात रस्त्यानं अस्वलवाला निघतो. आता तुम्हीच सांगा, नाकात वेसण घातलेलं, पायात घुंगरू बांधलेलं अस्वल जर माणसासारखं चालत चाललं असेल, तर कोणतं पोट्टं दगडाकडं पाहील? रेघ साप सरपटत गेल्यासारखी उठली. मला वाटलं, आता बसली थोबाडीत. तुम्ही मारलं नाही. ओलं फडकं घेतलं, रेघ पुसली, आणि पुसता पुसता, माझ्याकडं न पाहता म्हणालात, "समोर पाह्य बे. जे पाहाचं ते समोर हाये." मारलं असतं तर विसरलो असतो. ते वाक्य मात्र मी शाळेत नेलं, शाळा सोडली तरी ते सुटलं नाही. गिरणीत, टांग्यावर, तंबूतल्या सिनेमात, जिथं जिथं म्हणून टिकलो नाही तिथं तिथं ते माझ्या आधी जाऊन बसलेलं असायचं.

पण मी हलण्याबद्दल सांगत होतो. ते समजायला आधीचा फोटो सांगावा लागतो. आपल्या भिंतीवर लटकलेला, तोच. सिव्हिल लाइनीत कोण्या साहेबाच्या बंगल्याचं काम झालं, तेव्हा ओव्हरसियरनं सगळ्या मिस्त्र्यांना पायऱ्यांवर बसवून काढला होता. फोटोवाला काळ्या कापडात डोकं खुपसून म्हणाला, "हसा." बाकीचे दगडासारखे बसून राहिले. तुम्ही एकट्यानं त्याचं ऐकलंत. हसलात, आणि हसताना शेजारच्याकडं मान वळवलीत. फोटो आला तर तुम्हाला दोन मुंडकी! एक समोर पाहणारं, एक बाजूला हसणारं, आणि दोन्हींच्या मध्ये धूर. नाकडोळे एकालाही धड नाहीत. पुढं कित्येक महिने कामावर तुम्हाला कोणी नावानं हाक मारली नाही. "दोनमुंड्या, चुना दे." "दोनमुंड्याले विचारा गा, त्याले डबल अक्कल हाये." माय अजून तो फोटो पुसते आणि म्हणते, "एक मुंडकं घरचं, एक कामावरचं. घरचं कोनतं ते मले बी नाही समजलं." म्हणजे माझ्या वाट्याला जो तुमचा एकुलता एक फोटो आला तो असा. त्यात हात आहेत, पण मांडीवर, घट्ट मुठी वळलेले.

आता चौकातला दिवस. हा मला थोडा आठवतो आणि बाकीचा काकांनी सांगितला. काका म्हणजे तुमचे जोडीदार, कारंज्याचा कठडा ज्यांनी घडवला ते. ते अजून आहेत. कान गेले, दात गेले, चिडवायची खोड तेवढी शाबूत आहे. तर तो मुंबईवाला आला, तिपाई मांडली, पेटी ठेवली. तुम्ही लगेच ओळखलंत: फोटूवाला! आणि तुम्ही सगळ्यांना बजावलंत. बायांना, गड्यांना, पखालीनं पाणी आणणाऱ्याला, सगळ्यांना. तुम्ही अनुभवी ना! "हलायचं नाही कोनीच. श्वास बी रोकून धरा. हललं का मानूस बिघडते." कोणीतरी म्हणालं, की मिस्त्री, हे चालतं चित्र आहे म्हणतात, यात माणसं चालतात. तुम्ही म्हणालात, "चित्र कसं चालन? बैल हाये का?"

मुंबईवाल्यानं दांडी फिरवायला सुरुवात केली आणि सगळा चौक थिजला. तुम्ही सिंहासमोर बसलेले, छिन्नी लावलेली, हातोडी वर उचललेली. तशीच. तो आधी हातानं खुणा करतो, मग ओरडतो, "अरे भाई, हिलो! काम करो, काम! फोटो नहीं है ये!" कोणी हलत नाही. एक बाई घमेल्याखालून तुमच्याकडं पाहते. तुम्ही ओठ न हलवता, दातांतल्या दातांत म्हणता, "त्याले बोलू द्या. पयल्या खेपेचा बी असाच बोलत होता. हसा म्हने. हसलो, अन् काय झालं?" माणसांना मुंबईवाल्यापेक्षा तुमचा भरवसा जास्त. त्याला वाटलं असेल की ही बहिऱ्यांची वस्ती आहे. फीत महाग, उन्हाचा कलता उजेड, परतीची गाडी पकडायची, तेव्हा तो बिचारा शिव्या देत दांडी फिरवतच राहिला. काका सांगताना आजही हसून हसून खोकतात. "तुहा बाप म्हंजे! लाटसाहेब जरी म्हनला असता हल, तरी हलला नसता."

तुम्ही ते चित्र कधी पाहिलं नाहीत. आपल्यासारख्यांना कोण बोलावणार होतं तिथं? पण तुम्ही खूश होतात. खाटेवर पडून होतात तेव्हाही काकांना विचारलंत म्हणे, "फोटू आला का गा त्याचा?" काका म्हणाले, आला असेल. तुम्ही म्हणालात, "या खेपेले एकच मुंडकं असन." मला हे काकांनी सांगितलं तेव्हा मी त्यांच्यावर चिडलो होतो. म्हटलं, तुम्ही तेव्हाच का नाही सांगितलं बाबांना, की तो मुंबईवाला का बोंबलत होता? काका म्हणाले, "अबे, मरत्या मानसाले काहून सांगू? अन् मलेही कुठी मालूम होतं तवा?"

मला कसं कळलं, तेही सांगतो. रामटेकच्या जत्रेत मी एका तंबूच्या सिनेमात कामाला होतो. काम म्हणजे सगळंच: खुंट्या ठोकणं, ढोल घेऊन गावभर ओरडणं, अंधारात बॅटरी धरणं. तिथला मशीन चालवणारा जुना माणूस. एकदा मशीन बिघडलं, लोक शिट्ट्या मारू लागले, तेव्हा तो म्हणाला, की पूर्वी अशा वेळी आमचे जुने मालक पुतळ्यांचं चित्र लावायचे. नागपूरच्या एका चौकात कारंजं बांधतात, पण कोणी बांधतच नाही, सगळे पुतळे! मधला एक पाथरवट तर हातोडी वर करून बसला तो बसला. लोक पैजा लावायचे, म्हणाला, की आता खाली येईल, आता येईल. हसून हसून पोट दुखायचं. मीही हसलो, बाबा. मग खुंटी ठोकायला बाहेर गेलो, आणि खुंटीवर मोगरी उचलली तशी ती हवेतच राहिली. चौक. कारंजं. पाथरवट.

म्हणजे गावोगावच्या तंबूत लोक वर्षानुवर्षं तुम्हाला हसले. तेव्हापासून माझ्या डोक्यात एकच, की ते चित्र पाहायचं. लोक हसोत, पण हातोडी वर गेली आहे तर कधीतरी खाली येईलच की. माणूस किती वेळ धरेल? शेवटी तरी एक ठोका पडला असेल, आणि तो एक ठोका मला पुरला असता. मशीनवाला म्हणाला, मालक म्हातारे झाले, धंदा सोडला, आता खाप्याला कन्हानच्या काठी सरकीचा व्यापार करतात, जुन्या पेट्या तिथंच असतील.

शहाणा माणूस दुसऱ्या दिवशी खाप्याला गेला असता. मीही निघालोच होतो. पण पारशिवनीकडं शंकरपट होता, बैलजोड्यांची शर्यत. ती सोडून कसं जायचं? तिथं एका जोडीवाल्याची ओळख झाली, त्याच्या बैलांमागं मी पुढच्या पटाला गेलो, मग त्याच्या पुढच्या. मग पऱ्हाटीचा कापूस वेचायचे दिवस आले. मग एका नाटकवाल्यांबरोबर उमरेडकडं गेलो. दरवेळी मनात म्हणायचो, खापा काय पळून जातं? खापा नाही पळालं. फीत वाळत गेली.

शेवटी गेलो, तर मालक पोत्यांच्या थप्पीवर बसलेले. मला वरून खाली पाहिलं. "कोनाचा तू?" सांगितलं. ते थप्पीवरून खाली उतरले. मग म्हणाले, "म्हंजे हातोडीवाल्याचा पोट्टा!" आणि हसले नाहीत, हे मी त्यांच्या बाजूनं लक्षात ठेवलं आहे. पेटी काढली. झाकण उघडताच आंबूस वास आला. फितीचं टोक बोटात धरलं तर त्याचा चुरा झाला. "पापड झाली पाह्य. मागच्या साली आला असता तं दोनदा दाखोली असती, तीनदा दाखोली असती. आता एकदाच चालीन. मधी थांबवता येत नाही, दिव्यापुढं थांबली का पेटते. अन् चालून झाली का ते तुकडेच. तसंही हे सगळं मी बांगडीवाल्याले देऊन राहिलो. ते लोक धुऊन चांदी काढतात, उरलेल्याच्या बांगड्या-क्लिपा करतात." मी म्हटलं, थांबा, काकांना घेऊन येतो. एकट्यानं पाहायची हिंमत नव्हती, असं समजा. "आन. पन पटाले जाऊ नको मधात," मालक म्हणाले. माझी कीर्ती खाप्यापर्यंत पोचली होती.

मायलाही म्हटलं, चल. ती चुलीपुढं बसलेली, भाकर थापता थापता मान न वर करता म्हणाली, "मी त्याईले चांगलं पाह्यलं हाये. तू नाही पाह्यलं, तू जाय." मग भाकर तव्यावर टाकून म्हणाली, "हात पाहून ये, बस." ही तीच चूल, जिच्यापुढं बसून ती तुमच्या तळहाताला गोडंतेल चोळायची आणि म्हणायची, "हात हायेत का करवत?" मी तेव्हाही तिथंच होतो. मांजरीला पिल्लं झाली होती त्या वर्षी. मला ती पिल्लं रंगासकट आठवतात.

तर काल. सावनेरपर्यंत गाडीनं, पुढं बैलगाडीनं, काका अख्ख्या वाटेवर तुमच्या गोष्टी सांगत. तुम्ही सिंह कधी पाहिला नव्हता, म्हणून महाराजबागेत पाहायला गेलात. तिथं सिंह नव्हताच, एक वाघ होता आणि तोही झोपलेला. म्हणून आपल्या कारंज्याचे सिंह असे पेंगुळलेले आहेत, ही नवी गोष्ट मला कळली. कोठारात शिरलो तेव्हा बाहेर दुपार रणरणत होती. मालकांनी दारं लावली, फटींवर पोती टाकली, कार्बाइडचा दिवा पेटवला आणि स्वतः दांडी धरली. "पाह्य," म्हणाले, "पापनी पाडू नको."

आधी इंग्रजी अक्षरं आली. मी जुळवत होतो तोवर गेली. मग चौक. बाबा, चौक! बांबूच्या परांच्या, दगडांची रास, दूर उभा टांगा. आणि माणसं. घमेली डोक्यावर घेतलेल्या बाया, एका ओळीत, मंदिराच्या खांबांवर कोरल्यासारख्या. परांचीवर एक पाय उचललेला गडी, पाय वरच. पखालवाला वाकलेला, तोही पुतळा, पण त्याच्या पखालीतून पाणी ठिबकत होतं, ते मात्र पडत होतं. काका माझ्या कानात ओरडले, कारण त्यांना स्वतःचंच ऐकू येत नाही: "तो मी! तो कठड्यापाशी! काय केस होते रे माह्ये!" आणि मधोमध तुम्ही. एकच मुंडकं. अगदी स्वच्छ, बाबा. नाक, मिशा, डोळे, सगळं जिथल्या तिथं. सिंहाच्या जबड्याला छिन्नी टेकलेली, हातोडी वर. मी हातोडीवर नजर लावून बसलो. हातोडी वर. मशीनची करकर, दिव्याची फुरफुर, हातोडी वर. मला इतका राग आला, काय सांगू. एवढी वर्षं, एवढी वाट, आणि तुम्ही आहात की ढिम्म. मनात म्हटलं, हला हो. एकदा हला. तो मुंबईवाला घसा फोडून सांगतोय, अख्ख्या तंबूतले लोक सांगत होते, आता मी सांगतो. तुमचं मनगट थरथरायला लागलं होतं. ते दिसलं मला. कोपरापासून मनगटापर्यंत एक शीर ताणलेली, आणि मनगट थरथरतंय, पण हातोडी वर ती वर. एवढा हट्ट कशासाठी, बाबा? दोन मुंडकी आली असती तर आली असती.

तेवढ्यात डाव्या बाजूनं एक बकरी आली. कामाच्या पूजेसाठी मांडलेल्या दगडावर झेंडूचा हार घातलेला होता, ती त्या दगडावर पुढचे पाय ठेवून उभी राहिली आणि आरामात हार खाऊ लागली. आता गंमत पाहा, तिला दहा लोक समोर दिसतायत, पण एकही हलत नाही, हाकलत नाही. तिनं एकदा मान वळवून सगळ्यांकडं पाहिलं. मग तिचा धीर वाढला. हार संपवला, झेंड्याच्या काठीला बांधलेल्या तोरणाकडं वळली. आंब्याचं पान ओढलं तशी दोरी ताणली गेली, दोरीबरोबर झेंडा वाकू लागला...

"आला!" काका ओरडले. "आला खाली! पाह्य लेका, पाह्य, हात पाह्य! हे असं! तोच, तोच हात!" त्यांनी माझा दंड असा आवळला, की अजून वळ आहे. आणि भिंत पांढरी झाली. मशीनमधून सुकी फीत पाचोळ्यासारखी तुटून खाली पडत होती. मालकांनी दिवा झाकला. काका डोळे पुसत म्हणत होते, "एकच ठोका. पन पाह्यलं ना तू? त्या मुंबईवाल्यानं थकून मान हलवली असन, याले वाटलं फोटू झाला. अन् टाकला ना मंग ठोका! असा टाकला, जसा काही मधात येळ गेलाच नाही." मालक म्हणाले, "मी एवढ्या खेपा दाखोलं, पन लोक तवर हसत राहत. त्याईले कधी दिसलंच नाही ते." दोघांनी माझ्याकडं पाहिलं. मी मान हलवली. चौकात मिस्त्र्यांपुढं हलवतो तशीच.

मालकांनी तुटलेल्या फितीतला एक धड तुकडा मला दिला. बाकीची त्यांनी पोत्यात लोटली. घरी येऊन मी तो तुकडा मायला दिला. ती खिडकीशी गेली आणि उजेडात धरून, एक डोळा मिटून पाहू लागली. नखाएवढी एकेक खोली, प्रत्येक खोलीत तुम्ही, प्रत्येक खोलीत हातोडी वर. हातात धरली की फितीत कोणीच हलत नाही, बाबा. तुम्ही म्हणत होता तसाच तो नुसता फोटू. हलतं ते फक्त चालवल्यावर. आणि ती आता चालणार नाही.

"हातोडी वरच हाये," माय म्हणाली.

"खाली आली, माय. पुढं आली."

"तू पाह्यलं?"

"पाह्यलं."

"मंग, ठोका मारल्यावर काय केलं त्याईनं?" ती खिडकीपासून वळलीसुद्धा नाही. पारख करायला विचारत नव्हती. तिला ऐकायचं होतं, एवढं तिच्या आवाजावरून मला कळलं. मी म्हणालो, "फुंकर मारली. धूळ उडवली." तिनं तुकडा डोळ्यापुढून खाली घेतला. म्हणाली, "फुंकर नव्हते मारत. अंगठा फिरवत." आणि तुकडा पदराच्या टोकात बांधून चुलीकडं गेली. मला भाकर वाढली. वर तेल जरा जास्तच सोडलं.

हा कागद आता दोन मुंडक्यांच्या फोटोमागं सरकवून ठेवणार आहे. तिथं पाली असतात, माय हात घालत नाही. पण ठेवण्याआधी एवढं खरं लिहून टाकतो. मी ठोका पाहिला नाही. मी बकरीकडं पाहत होतो. झेंडा पडतो का राहतो, ते पाहत होतो. आणि दोष एकट्या माझा नाही, बाबा; तुम्हीच अख्खा चौक थिजवलात, हलणारी ती एकटी. डोळा जाणार कुठं? तुम्ही म्हणाल, समोर पाह्य बे, जे पाहाचं ते समोर हाये. समोरच पाहत होतो. बकरीही समोरच होती.